वेल्सच्या विधानसभेला कायदे करण्याचा अधिकार एकदम मिळाला का, आणि ब्रिटिश संसद तो परत घेऊ शकते का?

एकदम मिळाला नाही. 1997 च्या सार्वमतात केवळ 50.3 टक्के मतदारांनी होकार दिला आणि 1999 मध्ये सुरू झालेल्या सभागृहाला संसदेच्या कायद्यांखालील दुय्यम नियम करण्यापुरताच अधिकार होता. 2006 च्या कायद्याने ठरावीक विषयांवर कायदे करण्याची वाट उघडली, पण नव्या बाबीसाठी अधिकार हवा असल्यास बहुधा लंडनची संमती मिळवावी लागे आणि ही प्रक्रिया, माझ्या मते, विनाकारण वेळखाऊ होती. मार्च 2011 च्या सार्वमतात 63 टक्क्यांहून अधिक मतदारांनी कौल दिल्यावर आरोग्य, शिक्षण यांसारख्या वीस विषयांत सभागृह स्वतः कायदे करू लागले. अवयवदानासाठी संमती गृहीत धरणारा 2013 चा कायदा याच अधिकारातून झाला आणि त्या बाबतीत वेल्स ब्रिटनमध्ये पहिला ठरला. एप्रिल 2018 पासून रचनाच उलटली असून, संरक्षण, परराष्ट्र धोरण अशा राखीव विषयांखेरीज उरलेले सर्व विषय आता वेल्सकडे आहेत.

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर मात्र अस्वस्थ करणारे आहे. वेल्सच्या जनतेच्या सार्वमताशिवाय हे सभागृह रद्द होणार नाही, असे 2017 च्या कायद्यात लिहिलेले असले, तरी संसद सार्वभौम असल्याने ती वेल्ससाठी आजही कोणत्याही विषयावर कायदा करू शकते. सामान्यतः आधी संमती घेण्याचा संकेत आहे, परंतु तो न्यायालयातून अमलात आणता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी 2017 मध्ये स्पष्ट केले.