हप्ते सुरू असले की सुट्टीतही मन लागत नाही, हे सगळ्यांचंच होतं का?

सगळ्यांचं माहीत नाही, माझं झालं होतं.

२०२१ च्या सुरुवातीला धायरीत फ्लॅट घेतला. कर्ज ४० लाख, २० वर्षं, दर ६.७५ टक्के, हप्ता ३०,४००. मे २०२२ पासून रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो, चढत गेला. माझ्या कर्जाचा दरही त्यालाच जोडलेला. फेब्रुवारी २०२३ पर्यंत ४ टक्क्यांचा साडेसहा झाला. बँकेने हप्ता तोच ठेवून मुदत लांबवली, त्यामुळे मला पत्ताच नाही. स्टेटमेंट उघडलं तर हप्त्यातले साडेएकोणतीस हजार व्याजातच जात होते, मुद्दलात जेमतेम नऊशे. आणि मी स्वतः अकाउंट्सला आहे, बरं का!

घाबरून चार दुकानदारांची जीएसटीची कामं घेतली. एका रिटर्नची ११ तारीख, दुसऱ्याची २०. त्याआधीचे शनिवार-रविवार गेलेच.

उरलेल्यांपैकी एका रविवारी बायकोबरोबर सिंहगडावर गेलो. आतकरवाडीतून चढलो, वर पिठलं-भाकरी मागवली. मावशी दह्याची मडकी घेऊन आल्या, तर मी म्हटलं, "एकच द्या, मला नको." बायको माझ्याकडे बघतच राहिली. "तुला दही नको? तुला?" आणि तिने चमचा मडक्यात तसाच ठेवून दिला. उतरताना अवाक्षर नाही. एका मडक्याने कर्ज फिटत नाही हे मलाही कळत होतं, पण डोक्यात सारखा हिशेब चालू असला की हात आपोआप आखडतो. गड चढायला पैसे पडत नाहीत म्हणून तर तिथे गेलो होतो!

रात्री तिच्यासमोर स्टेटमेंट ठेवलं. मुदत माझ्या निवृत्तीपलीकडे गेलीय हे मी तिला सांगितलंच नव्हतं. कर्जापेक्षा तेच तिला लागलं. दोन दिवस अबोला.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना सांगितलं की दर बदलला की हप्ता वाढवायचा की मुदत, हा पर्याय कर्जदाराला द्या. तुमचंही गृहकर्ज असेल तर एवढं नक्की विचारा. मी अर्ज देऊन हप्ता ४ हजारांनी वाढवला. चारपैकी दोन दुकानं सोडली. उरलेल्या दोघांच्या पैशात वाढीव हप्ता निघतो. पैसे पूर्वीपेक्षा जास्तच जातात, पण आकडा आता दोघांनाही माहीत आहे.

नंतर पुन्हा गडावर गेलो तेव्हा दह्याची दोन मडकी घेतली. बायको म्हणाली, "चहा मात्र घरी जाऊन."