बौद्धिक अक्षमतेचे निदान : वाचकांचे प्रश्न

बौद्धिक अक्षमता आणि तिच्यासोबत आढळणारे मानसिक आजार यांविषयी आलेल्या पत्रांतील चार प्रश्न या अंकात घेतले आहेत. पत्रलेखकांची ओळख पटेल असे तपशील गाळले आहेत.

प्रश्न : माझा मुलगा आठ वर्षांचा असून तिसरीत शिकतो. दोन वर्षांपूर्वी एका ठिकाणी त्याचा बुद्ध्यांक ७२ आला आणि 'सीमारेषेवर आहे, मतिमंद नाही' असे सांगण्यात आले. यंदा दुसरीकडे केलेल्या चाचणीत ६४ आला आणि 'सौम्य बौद्धिक अक्षमता' असे लिहून मिळाले. मुलाची बुद्धी कमी होत चालली आहे का? यांतला खरा आकडा कोणता? — एक आई, राजारामपुरी, कोल्हापूर

उत्तर : या दोन आकड्यांवरून मुलाची बुद्धी घटत आहे असा अर्थ निघत नाही. पूर्वी येत असलेल्या गोष्टी तो विसरू लागला असेल, म्हणजे बोलता येणारी वाक्ये बोलेनासा झाला असेल किंवा चालताना तोल जाऊ लागला असेल, तर मात्र एकही दिवस न दवडता मेंदूविकारतज्ज्ञांना दाखवावे. पत्रात तसे काही दिसत नाही.

बुद्धिमापन चाचणीच्या प्रत्येक निकालात साधारण पाच गुणांची चूक दोन्ही बाजूंना गृहीत धरलेली असते. म्हणजे ७२ हा आकडा ६७ ते ७७ असा वाचायचा आणि ६४ हा ५९ ते ६९ असा. हे दोन पट्टे ६७ ते ६९ च्या दरम्यान एकमेकांवर येतात, त्यामुळे दोन्ही अहवाल एकाच मुलाचे आणि दोन्ही प्रामाणिक असू शकतात. त्यात चाचण्या वेगळ्या असतील तर फरक आणखी वाढतो. आपल्याकडे प्रामुख्याने दोन चाचण्या वापरल्या जातात. पहिली बिने-कामत चाचणी. मूळची बिने चाचणी व्ही. व्ही. कामत यांनी १९३०च्या दशकात कानडी आणि मराठी बोलणाऱ्या मुलांसाठी बसवली, आणि तिच्यात भाषेवरचा भर मोठा आहे. दुसरी नागपूरला आर्थर मालिन यांनी १९६०च्या दशकात तयार केलेली, जिला सगळे 'मिसिक' म्हणतात. तिच्यात शाब्दिक आणि कृतीच्या चाचण्यांचे गुण वेगवेगळे निघतात. जो मुलगा बोलण्यात मागे पण हाताने जुळवाजुळव करण्यात बरा आहे, त्याचा आकडा या दोन चाचण्यांत सारखा येईलच असे नाही. शिवाय दोन्हींची प्रमाणके, म्हणजे तुलनेसाठी धरलेली त्या काळच्या मुलांची सरासरी, जुनी आहेत, आणि जुन्या प्रमाणकांवर पुढच्या पिढीतली मुले सरासरीने अधिक गुण मिळवतात हे जगभर दिसून आले आहे. म्हणून अशा चाचणीतला ७२ हा दिलासा मानून स्वस्थ बसणे मला योग्य वाटत नाही.

मुळात 'खरा आकडा कोणता' या प्रश्नाच्या उत्तरावर निदान ठरत नाही. बौद्धिक अक्षमता म्हणण्यासाठी तीन गोष्टी एकत्र दिसाव्या लागतात : बुद्धीच्या कामात लक्षणीय उणीव, रोजच्या व्यवहारात वयाच्या मानाने लक्षणीय उणीव, आणि या दोन्हींची सुरुवात वाढीच्या वयात झालेली असणे. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या दहाव्या वर्गीकरणात बुद्ध्यांकाचे पट्टे ठळक होते. ५० ते ६९ सौम्य, ३५ ते ४९ मध्यम, २० ते ३४ तीव्र आणि त्याखाली अतितीव्र. अमेरिकेतील मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने २०१३ साली आपल्या निदान-पुस्तिकेच्या पाचव्या आवृत्तीत हे बदलले आणि तीव्रता बुद्ध्यांकावरून न ठरवता व्यवहारातील क्षमतेवरून ठरवावी असे स्पष्ट लिहिले. १ जानेवारी २०२२ पासून लागू झालेले जागतिक संघटनेचे अकरावे वर्गीकरणही व्यवहारातील वर्तनाला बुद्धीच्या बरोबरीने तोलते. तीव्र आणि अतितीव्र यांतला फरक तर त्यात केवळ व्यवहारावरूनच करायचा असतो, कारण इतक्या खालच्या पातळीवर बुद्ध्यांक विश्वासाने मोजताच येत नाही.

तेव्हा आपल्या हातातल्या दोन्ही अहवालांत व्यवहारातील वर्तनाची तपासणी आहे का, हे आधी पाहा. त्यासाठी बहुधा व्हाईनलँडची सामाजिक परिपक्वता मापनश्रेणी वापरतात, जिचे भारतीय रूपही मालिन यांनीच केले. तिच्यात मुलाला फारसे काही विचारत नाहीत, आईवडिलांना विचारतात. शर्टाची बटणे तो स्वतः लावतो का, आणि एक बटण वरखाली झाले तर त्याच्या लक्षात येते का? आंघोळ स्वतः करतो की केसांतला साबण तुम्हाला धुवावा लागतो? पन्नासची नोट देऊन कोपऱ्यावरच्या दुकानातून चहापूड आणायला पाठवले तर उरलेले पैसे मागून घेतो, की नोट देऊन पुडा उचलून परत येतो? इथे आयांकडून दोन प्रकारे गल्लत होते. काही आया मुलाच्या मायेपोटी 'सगळं करतो' असे सांगतात. काही घरांत त्याला कधी करूच दिलेले नसते, आणि 'करता येत नाही' या रकान्यात 'करू दिले नाही' हे जाऊन बसते. चांगला तपासनीस हा फरक खोदून काढतो. वेळ न देता पंधरा मिनिटांत श्रेणी भरून हातात कागद दिला गेला असेल, तर तो कागद मी पुरेसा मानणार नाही.

प्रमाणपत्राबाबत थोडक्यात. २०१६च्या दिव्यांग हक्क कायद्याचे बहुतेक विशेष लाभ किमान ४० टक्के दिव्यांगत्वाला मिळतात. २०१८ साली राजपत्रात आलेल्या सूचनांनुसार सामाजिक परिपक्वतेचा गुणांक ५५ ते ६९ असल्यास ५० टक्के आणि ७० ते ८४ असल्यास २५ टक्के दिव्यांगत्व धरले गेले. याचा अर्थ, कागदोपत्रीसुद्धा व्यवहाराच्या मापनाला मोठे वजन आहे. मार्च २०२४ मध्ये या सूचना सुधारण्यात आल्या आहेत, म्हणून कोल्हापूरच्या सीपीआर रुग्णालयात दिव्यांग मंडळापुढे जाताना चालू निकष विचारून घ्यावेत आणि दोन्ही अहवाल सोबत न्यावेत; जुना अहवाल लपवू नये.

प्रश्न : मुलगी पावणेचार वर्षांची आहे, जेमतेम दहाबारा शब्द बोलते. डॉक्टरांनी 'सर्वांगीण विकासात विलंब' असे लिहिले. ती मतिमंद आहे असाच याचा अर्थ का? घरात आम्ही मराठी आणि कानडी दोन्ही बोलतो, त्याने असे झाले का? — एक वडील, गडहिंग्लज

उत्तर : नाही, आणि नाही. पाच वर्षांखालील मुलाचा बुद्ध्यांक भरवशाने मोजता येत नाही, म्हणून एकाहून अधिक बाबतींत मागे असलेल्या लहान मुलासाठी हे तात्पुरते निदान वापरतात. पुढे काही मुलांत ते बौद्धिक अक्षमता म्हणून निश्चित होते, काहींत होत नाही. पाचव्या वर्षानंतर पुन्हा तपासणी करायचीच, असा त्याचा अर्थ आहे. दोन भाषांच्या घरात वाढल्याने बौद्धिक अक्षमता येत नाही. सीमाभागातली हजारो मुले दोन्ही भाषा सहज बोलतात. आपण त्वरित कानाची 'बेरा' तपासणी करून घ्यावी, कारण ऐकू न येणारे मूल वरवर पाहता मतिमंद वाटते आणि ही चूक वेळेत दुरुस्त होऊ शकते. थायरॉईडची रक्ततपासणी करावी. ती नजरेला नजर देते का, हवी ती वस्तू बोटाने दाखवते का, हे डॉक्टरांना सांगावे. स्वमग्नतेचा (ऑटिझमचा) विचार त्यावरून होतो. पती-पत्नी नात्यातले असाल, म्हणजे मामेबहीण-आतेभाऊ असे लग्न असेल, तर तेही संकोच न करता सांगावे, कारण आनुवंशिक तपासणीची दिशा त्यावरून ठरते. वाचा-उपचार मात्र निदानाची वाट न पाहता आजच सुरू करावेत.

प्रश्न : माझा धाकटा भाऊ २६ वर्षांचा आहे, त्याला डाऊन सिंड्रोम (जन्मतः असणारा गुणसूत्रांतील दोष) आहे. रोज सकाळी तो किटली घेऊन डेअरीला दूध घालून यायचा, सगळा गाव त्याला ओळखतो. दिवाळीत वडील वारले. गेले चार महिने तो डेअरीला जात नाही, जेवण कमी झाले आहे, एकटाच बडबडतो, आंघोळीला उठवले की मारायला धावतो. लोक म्हणतात, वेड लागले. कोणी देवऋषीकडे न्या म्हणतात. एका डॉक्टरांनी झोपेची गोळी दिली आणि 'अशा मुलांचे असेच असते' म्हणाले. — एक भाऊ, भुदरगड तालुका

उत्तर : 'अशा मुलांचे असेच असते' हे वाक्य मी ठामपणे नाकारतो. आपला भाऊ २६ वर्षे असा नव्हता. जो माणूस रोज दूध घालून येत होता तो चार महिन्यांत थांबतो, तेव्हा काहीतरी नवे घडलेले असते, आणि ते नवे शोधणे हे डॉक्टरांचे काम आहे. माणसाला बौद्धिक अक्षमता आहे एवढे कळल्यावर त्याची प्रत्येक तक्रार तिच्याच खात्यावर टाकून दुसरा आजार नजरेआड करण्याची ही वृत्ती जगभरच्या मानसोपचारात १९८०च्या दशकापासून धोक्याची म्हणून नोंदलेली आहे. तरीही ती गेलेली नाही.

बौद्धिक अक्षमता ही स्थिती आहे, मानसिक आजार ही वेगळी गोष्ट आहे. २०१७च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्यानेही मानसिक आजाराच्या व्याख्येतून ती वगळली आहे. पण एकाच माणसाला दोन्ही असू शकतात. किंबहुना नैराश्य, चिंता, अतिचंचलता आणि स्वमग्नता बौद्धिक अक्षमता असलेल्यांत इतरांपेक्षा अधिक आढळतात. फक्त ते दिसतात वेगळे. 'मन लागत नाही' असे आपला भाऊ सांगू शकणार नाही. त्याचे नैराश्य आवडीचे काम सोडण्यातून, जेवण घटण्यातून, चिडचिडीतून आणि येत असलेल्या गोष्टी बंद पडण्यातून दिसेल. आपण लिहिलेले वर्णन त्याच्याशी जुळते.

वडिलांच्या मृत्यूचा उल्लेख आपण एका छोट्या वाक्यात करून पुढे गेला आहात. माझ्या मते पत्रातले सर्वांत महत्त्वाचे वाक्य तेच आहे. डेअरीला तो वडिलांबरोबर जायचा का? वडील गेले हे त्याला कोणी समजेल अशा शब्दांत सांगितले का, की 'गावाला गेलेत' असे सांगून वेळ मारून नेली? अशी माणसे शोक करत नाहीत, हा समज चुकीचा आहे. खरे ते साध्या शब्दांत सांगावे, फोटो दाखवावा, घरातल्या विधींत त्याला सामील करून घ्यावे.

एकट्याने बोलण्याला मात्र लगेच वेड समजू नये. डाऊन सिंड्रोम असलेले अनेक प्रौढ दिवसभरात घडलेले स्वतःशी मोठ्याने बोलतात, आणि ती त्यांची विचार करण्याची रीत असते. पूर्वीही तो असे बोलायचा का आणि आता त्यात भीती किंवा कोणाला तरी उत्तर देणे दिसते का, हे पाहून डॉक्टरांना सांगा.

मानसोपचारतज्ज्ञांकडे जाण्याआधी किंवा त्यासोबतच शरीर तपासून घ्यावे. डाऊन सिंड्रोममध्ये थायरॉईडचे काम मंदावणे वारंवार आढळते आणि ते हुबेहूब नैराश्यासारखे दिसते. किडलेला दात, कानातला मळ, मोतीबिंदू, बद्धकोष्ठ, झोपेत श्वास अडकणे, ही सगळी कारणे माणसाला मारकुटा बनवू शकतात. आंघोळीलाच राग येत असेल तर मान वाकवताना किंवा कपडे काढताना दुखते का, तेही पाहावे. डाऊन सिंड्रोममध्ये मानेच्या वरच्या मणक्यांचा सांधा सैल असू शकतो. चालण्यात फरक पडला असेल किंवा कपड्यांतच लघवी होऊ लागली असेल, तर हे तातडीचे समजावे.

गोळीविषयी. आक्रमक वागणे दाबण्यासाठी दिलेली औषधे निदानाची जागा घेऊ शकत नाहीत. बौद्धिक अक्षमता असलेल्या ८६ आक्रमक प्रौढांवरील एक अभ्यास २००८ साली 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाला. त्यात हॅलोपेरिडॉल, रिस्पेरिडोन आणि औषध नसलेली गोळी यांची तुलना केली असता चार आठवड्यांत तिन्ही गटांतली आक्रमकता घटली, आणि सर्वाधिक घट औषध नसलेल्या गोळीच्या गटात दिसली. याचा अर्थ औषध कधीच नको असा नाही. नैराश्य निश्चित झाले तर नैराश्याचे औषध इतरांप्रमाणेच त्यालाही मिळाले पाहिजे. सध्याची गोळी मनाने एकदम बंद करू नका, ती सोबत घेऊन जा.

प्रश्न : माझ्या वर्गातली सहावीतली एक मुलगी गोष्टी उत्तम सांगते, बाजारहाट करते, पण वाचताना प्रत्येक ओळीत अडखळते. पालक 'मतिमंद' म्हणून प्रमाणपत्र काढायला निघाले आहेत. — एक शिक्षिका, इचलकरंजी

उत्तर : त्यांना थांबवा. आपण केलेल्या वर्णनात व्यवहार शाबूत आहे, आणि जिचा व्यवहार शाबूत आहे तिला बौद्धिक अक्षमता म्हणता येत नाही. हे विशिष्ट अध्ययन अक्षमतेचे, म्हणजे बुद्धी ठीक असूनही वाचन, लेखन किंवा गणितात येणाऱ्या अडचणीचे, चित्र असण्याची शक्यता जास्त आहे, आणि तीही २०१६च्या कायद्यात स्वतंत्र नोंदलेली असून तिच्यासाठी परीक्षेत वेगळ्या सवलती आहेत. आधी डोळे आणि कान तपासून घ्यावेत. मानसशास्त्रज्ञांकडे पाठवताना तिच्या मराठी आणि गणिताच्या वह्या, तपासलेल्या उत्तरपत्रिका आणि आपले एक पानी निरीक्षण सोबत द्यावे. त्यात ती तोंडी काय करू शकते, हे सर्वांत वर लिहावे.