मुद्दल किती उतरलं?

"मॅडम, तीस लाखाला नव्वद लाख भरायचे. म्हणजे आम्ही खुळेच की!"

दोन-तीन वर्षं झाली, कोल्हापुरात राजारामपुरीतल्या माझ्या खोलीत हे वाक्य मी सारखी ऐकते आहे. कुणी 'फसलो' म्हणतं, तर कुणी 'गहाण पडलो'. मी नवरा-बायकोची भांडणं आणि मुलांचे प्रश्न हाताळणारी बाई, कर्जाशी माझा संबंध तो काय? पण घरात ज्या विषयावर कुणी बोलत नाही तो चहात, डब्यात, पोराच्या प्रगतिपुस्तकात कुठेतरी तोंड वर काढतोच. या जोडप्याच्या बाबतीत तो पोराच्या निबंधात निघाला.

नावं देत नाही. दादा आणि वहिनी म्हणते. ओळखीच्या खुणा बदलल्या आहेत, हिशेब मात्र खरा आहे.

दादा शिरोलीच्या एमआयडीसीत फौंड्रीत सुपरवायझर, पगार बावन्न हजार. वहिनी घरी ब्लाऊज शिवतात. पूर्वी ते शाहूपुरीत कुंभार गल्लीच्या बाजूला भाड्यानं राहायचे. २०१९ च्या महापुरात घरात कमरेएवढं पाणी आलं. २०२१ च्या जुलैत पंचगंगा पुन्हा दारात आली आणि शिलाई मशीनची मोटर गेली. तेव्हा वहिनींनी सांगून टाकलं, जिथं पाणी चढत नाही तिथंच आता संसार मांडायचा. जानेवारी २०२२ मध्ये पाचगावच्या चढावर फ्लॅट घेतला. तीस लाख कर्ज, वीस वर्षं मुदत, पावणेसात टक्के व्याज, हप्ता २२,८११ रुपये.

मुलगा सहावीत. ऑगस्ट २०२४ मध्ये वर्गात 'माझे घर' असा निबंध होता. त्यानं लिहिलं, 'माझे घर बँकेचे आहे. बाबा म्हातारे झाले की ते आमचे होईल.' बाईंनी निबंध जपून ठेवला आणि आई-बापाला माझ्याकडे धाडलं, कारण पोरगं सहलीचे पैसेही मागेनासं झालं होतं.

पहिल्या दोन भेटींत मी चुकले, हे कबूल करते. सगळी भांडणं चिल्लर खर्चावरची होती. रविवारी मिसळ का मागवली, गीझर चालू का राहिला, असलीच. दादांचा आवाज चढायचा, वहिनी गप्प व्हायच्या. मी रागावर काम करत बसले. निबंध वाचून तर मी हसले होते.

तिसऱ्या भेटीच्या आदल्या रात्री ते वाक्य पुन्हा आठवलं आणि हसू थांबलं. दादा छत्तीस वर्षांचे. वीस वर्षांचं कर्ज म्हणजे चौपन्नाव्या वर्षी फिटणार. अकरा वर्षांचं पोर चौपन्नला म्हातारं म्हणेलही, पण 'म्हातारे झाले की' हे शब्द मूल स्वतःहून शोधत नाही. ते कुठेतरी ऐकलेलं असतं.

दुसऱ्या दिवशी मी सहज विचारल्यासारखं विचारलं, "कर्ज कधी फिटतंय?"

वहिनी लगेच म्हणाल्या, "बेचाळीसला. मी तर देवघरात लिहून ठेवलोय, जानेवारी २०४२." (कोल्हापूरबाहेरच्या वाचकांसाठी: आमच्याकडे बायकाही 'मी आलो, मी गेलो' असंच बोलतात.)

दादा खिडकीकडे बघत होते. बाहेर रिक्षा उभी होती, तिच्या नंबरप्लेटीकडे ते इतक्या लक्षपूर्वक बघत होते की मला कळायचं ते कळलं. मी बोलले नाही. आमच्या कामात गप्प बसणं सगळ्यात अवघड, आणि पंचवीस वर्षांत ते मला जमलंय असं म्हणायला हरकत नाही.

बऱ्याच वेळानं दादा म्हणाले, "त्रेपन्न."

"काय त्रेपन्न?" वहिनींनी विचारलं.

"बेचाळीस नव्हं. २०५३ ला फिटतंय. मी पासष्टचा असणार."

झालं असं होतं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेनं रेपो दर (ज्या दरानं ती बँकांना पैसे उसने देते तो) चार टक्क्यांवरून साडेसहावर नेला. २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांची नवी तरत्या, म्हणजे बदलत्या दराची गृहकर्जं अशा बाहेरच्या दराला जोडलेली असतात, त्यामुळे दादांचं व्याज पावणेसातवरून सव्वानऊवर गेलं. वीस वर्षांत फेडायचं तर हप्ता साडेसत्तावीस हजारांच्या वर न्यायला हवा होता. बँकेनं तो २४,३०० केला आणि उरलेला भार मुदतीवर टाकला. मार्च २०२३ मध्ये तसं पत्र आलं. दादांनी घरी एवढंच सांगितलं, "हप्ता दीड हजारानं वाढलाय." दुसरी ओळ घडी घालून पाकिटात ठेवली, आणि दीड वर्ष ते पाकीट मागच्या खिशात घेऊन फिरत राहिले. पोराला ते कधी काय पुटपुटले, त्यांनाही आठवत नव्हतं.

वहिनी रडल्या नाहीत. म्हणाल्या, "तरीच मिसळीवरनं भांडत होता."

मी एकच काम दिलं: बँकेतून कर्जखात्याचा पहिल्यापासूनचा उतारा आणायचा, आणि इथं येईपर्यंत दोघांपैकी कुणी उघडायचा नाही.

पुढच्या भेटीत कागद टेबलावर आला. वहिनी घरखर्चाची वही लिहितात, आकड्यांची त्यांना भीती नाही, म्हणून वाचायला त्यांनाच दिला. दर महिन्याच्या हप्त्यापुढे दोन रकाने, व्याज आणि मुद्दल. त्यांनी मुद्दलाच्या रकान्यावर बोट ठेवलं आणि खाली सरकवू लागल्या. फेब्रुवारी २०२२, पाच हजार नऊशे छत्तीस. जुलै, तीन हजार आठशे एकाहत्तर. ऑक्टोबर, चौदाशे सत्तर. जानेवारी २०२३ ला बोट थांबलं.

"सहाशे चाळीस?"

खरं तर हा रकाना महिन्यागणिक चढायला हवा. मुद्दल थोडं उतरतं, म्हणून पुढच्या महिन्याचं व्याज थोडं कमी, म्हणून मुद्दलाला थोडं जास्त. इथे व्याज वाढत गेलं, हप्ता तेवढाच राहिला, आणि बावीस हजार आठशे भरून मुद्दलातून सहाशे चाळीस रुपये गेले. मार्चपासून हप्ता वाढल्यावर पंधराशे तेवीस. एकतीस महिन्यांत मिळून सात लाख चौतीस हजार भरले, कर्ज उतरलं जेमतेम पंचाहत्तर हजारांनी.

वहिनी दादांकडे वळल्या. "मी कपिलतीर्थ मंडईत मेथीच्या पेंडीला पाच रुपयांसाठी घासाघीस करतो. आणि हे?"

दादा म्हणाले, "तुला सांगितलं असतं तर तू झोपली नसतीस."

"मग तुम्ही कुठं झोपत होता?"

या वाक्याला खोलीत काहीतरी सैल झालं. दादा हसले, मग डोळे पुसले. मला त्या क्षणी जे दिसलं ते आजवर बऱ्याच जोडप्यांच्या कामी आलंय. या घराला हप्ता तोंडपाठ होता, कर्ज कुणीच पाहिलं नव्हतं. हप्ता पाच तारखेला येतो, जातो, पगारात बसवता येतो. कर्ज ही वेगळी गोष्ट आहे, आणि ते बघायचं टाळलं की माणूस स्वतःबद्दल मतं बनवायला लागतो: मी नालायक, मी पोराला कर्जात ढकललं. मी मानसशास्त्रज्ञ आल्बर्ट एलिसच्या विचारांवर वाढलेली. माणसाला परिस्थितीपेक्षा परिस्थितीबद्दलची स्वतःची वाक्यं जास्त छळतात, हे मला रोज दिसतं. पण ती वाक्यं खोडायची तर आधी परिस्थिती कागदावर लागते. नुसता 'सकारात्मक विचार करा' हा सल्ला मी कुणाला देत नाही. त्यानं व्याज थांबत नाही.

आणखी एक धागा नंतर सापडला. दादांचे वडील राधानगरी तालुक्यातले ऊस उत्पादक. विकास सोसायटीचं पीककर्ज घ्यायचं, कारखान्याच्या बिलातून ते कापून जायचं, पुन्हा नवं उचलायचं. वर्षाच्या आत पाटी कोरी. अशा घरात वाढलेल्या माणसाला अठ्ठावीस वर्षं न फिटणारं कर्ज हिशेब वाटत नाही, कलंक वाटतो. वडिलांना सांगायची त्यांना बायकोला सांगण्याहून जास्त भीती होती.

आता गणित. माझे मिस्टर बँकेतून निवृत्त झालेत, त्यामुळे कॅल्क्युलेटर त्यांचा, बाकी सगळं माझं. २४,३०० चा हप्ता आणि सव्वानऊ टक्के असंच चाललं असतं, तर अजून त्र्याऐंशी लाख जायचे होते. भरलेले धरले की ते सुप्रसिद्ध नव्वद. हप्ता अठ्ठावीस हजार केला, म्हणजे महिन्याला ३,७०० जास्त, तर उरलेली साडेअठ्ठावीस वर्षं पावणेअठरावर येतात आणि साठ लाखांच्या आत सुटका होते. तेवीस लाखांहून जास्त फरक. मिस्टरांनी दोनदा मोजलं, कारण मीच विश्वास ठेवत नव्हते.

३,७०० कुठून आणायचे? फौंड्रीतल्या मित्रांत दादांची पाच हजारांची भिशी होती, दिवाळीला संपणारी. वहिनी म्हणाल्या, नवी लावायची नाही. पंधरा मिनिटांत विषय संपला. दीड वर्षाचं ओझं आणि पंधरा मिनिटं, हे लिहितानाही मला थोडं वाईट वाटतं.

ज्यांना हाच घोर आहे त्यांनी आधी उतारा मागवावा. तुमचा हक्क आहे तो. रिझर्व्ह बँकेनं १८ ऑगस्ट २०२३ ला काढलेल्या परिपत्रकानुसार दर तिमाहीला बँकेनं तुम्हाला आजवर वसूल झालेलं मुद्दल आणि व्याज, हप्ता, उरलेले हप्ते आणि व्याजदर कळवायचा असतो, आणि दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत हे तुम्हाला निवडू द्यायचं असतं. न विचारता मुदत वाढली असेल तर जाऊन लेखी विचारा. तरत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले म्हणून दंड घेता येत नाही. जास्तीचे भरताना अर्जात स्पष्ट लिहा, 'हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी.' शक्य तितके सुरुवातीच्या वर्षांत भरा, तेव्हाच व्याजाचा वाटा मोठा असतो. नव्या ग्राहकाला तुमच्यापेक्षा कमी दर मिळत असेल तर आपल्याच बँकेत चौकशी करा, थोडी फी घेऊन बऱ्याच बँका दर उतरवतात. १ ऑक्टोबर २०२४ पासून नवं कर्ज घेणाऱ्याला मुख्य तथ्यांचा एक तक्ता द्यावा लागतो, त्यात फीसकट खरा वार्षिक दर असतो. जाहिरातीतला आकडा सोडा आणि तो वाचा. कर्जात विम्याचा एकरकमी हप्ता मिसळलाय का, तेही तिथेच बघा. त्यावरही वीस वर्षं व्याज चढतं.

'टॅक्स वाचतो, राहू दे कर्ज' असं सांगणारा शेजारी प्रत्येक अपार्टमेंटमध्ये असतो. दादांच्याही होता. नव्या करप्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही, आणि दादांच्या पगारावर तशीही करआकारणी शून्य होती. वाचणार काय, कपाळ!

मात्र घरातली शेवटची ठेव मोडून कर्जात ओतू नका. सहा महिन्यांचा खर्च बाजूला हवा. दादांना मी हेच सांगितलं, तेव्हा ते दागिने मोडायला निघाले होते. कोल्हापूरकर एकदा पेटला की गुजरीच, म्हणजे सराफ बाजारच गाठतो.

राहिला खुळेपणाचा प्रश्न. नव्वद लाख हे एकतीस वर्षांत सांडणारे नव्वद लाख आहेत, आज मेथीची पेंडी येते तेवढ्या रुपयांत २०५३ साली ती येणार नाही. त्या काळात भाडंही गेलंच असतं, आणि पावसाळ्यात सामान माळ्यावर चढवणंही. हे मी वहिनींना सांगायला लागले तर त्यांनी मला थांबवलं. "मॅडम, घर घेतलं ते बरोबरच. मला न सांगितलं ते चूक." एवढ्या सेशनांत मी जे वेगळं करून दाखवायला धडपडत होते ते त्यांनी एका दमात केलं.

ऑक्टोबर २०२४ चा हप्ता अठ्ठावीस हजारांचा गेला. वहिनींच्या वहीत आता दूध, गॅस, अस्तर आणि हुक यांच्या खाली लाल पेननं एक ओळ असते: मुद्दल. पहिल्या महिन्याला तिथं साडेपाच हजारांच्या आसपास आकडा पडला. देवघरातला '२०४२' त्यांनी खोडला नाही, पुढे पेन्सिलीनं 'मे' लिहिलंय.

२०२५ च्या फेब्रुवारीपासून रेपो उतरायला लागला, जूनपर्यंत साडेपाचवर आला. मध्ये एकदा वहिनी एकट्याच आल्या होत्या, शेजारणीला घेऊन. तिचंही तेच, तीस लाखाला किती आणि आम्ही खुळे का. आम्ही बोलत असताना वहिनींचा फोन वाजला. दादांनी फौंड्रीतून बँकेच्या मेसेजचा फोटो पाठवला होता, दर कमी झाल्याचा. खाली काही लिहिलं नव्हतं. वहिनींनी चष्मा चढवला, दोनदा वाचला आणि उत्तर टाइप केलं, 'हप्ता कमी करू देऊ नका. आणि येताना वही आणा, पाव किलो गवारी पण.'