तापीच्या दरडीतली दाढ

प्रश्न : तापीच्या दरडीतून विटेएवढा जड, पट्ट्यापट्ट्यांचा तुकडा डोकावतोय. गावात त्याला राक्षसाची दाढ म्हणतात. हत्तीची असेल का? काढून आणू का? (एक वाचक, शिरपूर)

उत्तर : ओढून काढू नका. आधी चावायची बाजू पाहा. पातळ, उंच पट्ट्या एकमेकींना खेटून असतील तर दाढ हत्तीची. नर्मदेच्या गाळात सापडलेल्या पॅलिओलॉक्सोडॉन नॅमॅडिकस या नामशेष हत्तीची दाढ अशीच असते. पट्ट्या बुटक्या, घराच्या पाख्यांसारख्या उतरत्या असतील तर स्टेगोडॉनची, म्हणजे हत्तीच्या एका नामशेष नातेवाइकाची. नावाचा अर्थच ‘छपरासारखा दात’. खालच्या काळ्या बेसॉल्टात मात्र हे मिळणार नाही. तो लाव्हा सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा, हत्तीकुळाच्याही आधीचा. पाहायचं ते वरच्या पिवळ्या गाळात आणि गोट्यांच्या थरात.

खरं नुकसान उन्हाने होतं. ओली दाढ खानदेशी उन्हात झपाट्याने वाळली की तडकते आणि पट्ट्या सुट्या होतात. धुणं, तेल-शेंदूर, झटपट गोंद, यातलंही काहीच नको. शेजारी मोजपट्टी ठेवून फोटो काढा, थर आणि जागा नोंदवा. थरापासून सुटलेल्या, जागेची नोंद नसलेल्या दाढेचं वय ठरवणं फार अवघड जातं. मग पुण्याच्या डेक्कन कॉलेज या पुरातत्त्व संशोधन संस्थेला कळवा. दाढ आपोआप सुटून पडली असेल आणि पुराचा धोका असेल, तरच मातीसकट उचला, ओल्या वर्तमानपत्रात गुंडाळा आणि सावलीत सावकाश वाळू द्या.