डोंगर-नद्यांच्या अभ्यासात अख्खी कारकीर्द कशी जाते?

भूरूपशास्त्रज्ञ, म्हणजे जमिनीची रूपे कशी घडतात याचा अभ्यासक, नेमके काय काम करतो आणि डोंगर-नद्या न्याहाळण्यात अख्खे आयुष्य कसे जाऊ शकते, असे आपण विचारले आहे. मी महाविद्यालयात भूगोल शिकवतो. वर्गात हा प्रश्न आला की मी ग्रोव्ह कार्ल गिल्बर्ट या अमेरिकी शास्त्रज्ञाचे उदाहरण देतो, कारण त्यांची सर्वांत गाजलेली चूक थेट आपल्या लोणारपर्यंत येऊन पोहोचते.

गिल्बर्ट यांचा जन्म १८४३ चा, न्यूयॉर्क राज्यातील रॉचेस्टरचा. शाळेतील मास्तरकी त्यांना मानवली नाही. पुढे सर्वेक्षण पथकांबरोबर ते पश्चिमेच्या ओसाड मुलखात गेले आणि १८७९ मध्ये अमेरिकी भूवैज्ञानिक सर्वेक्षण संस्था स्थापन झाल्यावर तिच्यातच अखेरपर्यंत राहिले. युटामधील डोंगरउतारांवर एका आटलेल्या प्राचीन सरोवराच्या किनारारेषा पायऱ्यांसारख्या कोरलेल्या दिसतात. एके काळी एकाच पाण्याने आखलेली रेषा सर्वत्र एकाच उंचीवर असायला हवी. परंतु सरोवराच्या मध्यभागी असलेल्या बेटांवर ती काठापेक्षा उंच भरली. यावरून त्यांनी असे ओळखले की पाण्याचा भार उतरल्यावर तेथील भूकवच वर आले आहे.

१८९१ मध्ये ते अ‍ॅरिझोनातील एका विवरापाशी गेले. आजूबाजूला अशनीच्या, म्हणजे अवकाशातून येऊन पडलेल्या खडकाच्या, लोखंडाचे तुकडे विखुरलेले होते, आणि त्यांचा स्वतःचा कलही सुरुवातीला अशनीकडेच होता. मात्र त्यांनी दोन कसोट्या लावल्या: अशनी खाली गाडलेला असेल, तर काठावरचा ढिगारा खड्ड्यात परत भरल्यावर थोडा उरला पाहिजे, आणि चुंबकसुईही विचलित झाली पाहिजे. मोजणीत ढिगारा आणि खड्डा जवळजवळ समसमान निघाले आणि सुईनेही काही दाद दिली नाही. तेव्हा त्यांनी हे विवर वाफेच्या स्फोटाने झाले असे ठरवले, लोखंडाचे तुकडे निव्वळ योगायोग मानले, आणि १८९६ च्या लेखात तशाच विवराचा दाखला म्हणून लोणारकडे बोट दाखवले.

दोन्ही निष्कर्ष चुकले. एवढ्या वेगाने आदळणारा अशनी गाडला जात नाही, त्याचा बहुतांश भाग वितळून, वाफ होऊन उडून जातो, हे तेव्हा कोणालाच उमगले नव्हते. बेसाल्टमधील सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचे लोणारही आघातानेच झाले, हे १९७३ मध्ये तेथील खडकांत प्रचंड दाबाने काचेसारखी झालेली खनिजे सापडल्यावर सिद्ध झाले. गंमत अशी की, चंद्रावरची विवरे आघाताने झाली असे १८९२ मध्ये हेच गिल्बर्ट ठामपणे मांडत होते! विद्यार्थ्यांना लोणारच्या काठावर उभे करून मी ही हकीकत सांगतो, तेव्हा त्यांना निष्कर्षापेक्षा त्या दोन कसोट्याच अधिक लक्षात राहतात. मलाही तेच हवे असते.

उतारवयात त्यांच्याकडे अगदी व्यवहारातले काम आले. कॅलिफोर्नियातील सोन्याच्या शोधात पाण्याच्या जोरदार फवाऱ्यांनी डोंगर फोडले गेले होते, आणि तो राडारोडा नद्यांत उतरून खालची शेते गाळाखाली जात होती. गाळ किती आहे आणि तो कसा सरकतो, हे पाहण्यासाठी त्यांनी बर्कले येथे लाकडी पन्हाळीतून वाळू आणि पाणी सोडून प्रयोग केले. गाळाचा लोंढा नदीतून पुराच्या लाटेसारखा, पण कित्येक वर्षे घेत, खाली सरकतो, हे दाखवणारा त्यांचा अहवाल १९१७ मध्ये निघाला. पुढच्याच वर्षी १ मे रोजी ते वारले, तेव्हा त्यांच्या पंचाहत्तरीला पाच दिवस उरले होते.