अर्ध्या तासाच्या टेलिप्लेमध्ये अपराधीपणा आणि दुहेरी निष्ठा दाखवायची आहे. पात्रं किती असावीत आणि फ्लॅशबॅक कुठे टाकावा?

फ्लॅशबॅक टाकूच नका. "प्रेक्षकाला कळणार नाही" या धाकाने तो घुसवला जातो आणि तिथेच नाटक संपतं. चूक डोळ्यांनी पाहिली की प्रेक्षक निकाल देऊन मोकळा होतो.

पोलिश दिग्दर्शक किश्लोव्स्कीच्या 'डेकालॉग' या मालिकेचा आठवा भाग बघा. पोलिश टीव्हीसाठी १९८८ च्या सुमारास केलेला, तासाभराचा. नीतिशास्त्राच्या वर्गात आलेली पाहुणी चर्चेसाठी एक प्रसंग मांडते. १९४३, वॉर्सा, सहा वर्षांची ज्यू मुलगी. तिच्या खोट्या बाप्तिस्म्याला साक्षी राहून तिला वाचवायचं कबूल केलेलं जोडपं ऐनवेळी माघार घेतं, कारण सांगतं की खोटी साक्ष धर्मात बसत नाही. पाहुणी बोलत असते आणि वयस्कर प्राध्यापिकेचा चेहरा बदलत जातो. नकार देणारी तीच होती, आणि ती मुलगी आता समोर बसलीय. सुरुवातीला मोठ्या माणसाचा हात धरून चालणारं मूल दिसतं, भूतकाळ तेवढाच.

खरं कारण नंतर येतं. जोडपं भूमिगत चळवळीत होतं, आणि मुलीला ज्यांच्या घरी लपवायचं होतं ते गेस्टापोचे, म्हणजे नाझी गुप्त पोलिसांचे, आहेत अशी खबर आली होती. खबर खोटी निघाली. धर्माची सबब आधी आणि चळवळीवरची निष्ठा मागाहून, या क्रमातच सगळी ताकद आहे.

तुमची संहिता साधारण २५ पानांची होईल, पानाला एक मिनिट. आरोप पाचव्या पानाच्या आत, खरं कारण सोळाव्याच्या आसपास. माफीचं भाषण नको. दुसरी निष्ठा लेचीपेची ठेवली, म्हणजे हुकूम देणारा नुसता खलनायक केला, की पेचच उरत नाही. त्याच्या बाजूने तोच प्रवेश लिहून बघा. तोही पटला पाहिजे.

चित्रीकरणात ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर अख्खा प्रवेश एकदा न तोडता घ्या. कॅमेऱ्यामागून समोरच्या पात्राचे संवाद ते पात्र करणाऱ्या नटानेच, पूर्ण जोर लावून म्हणायचे. सहायकाने कागदावरून वाचले की नजर मरते, आणि संकलनात ते दुरुस्त होत नाही. रिकाम्या खोलीचा आवाज मिनिटभर वेगळा रेकॉर्ड करा, नाहीतर प्रत्येक शांततेत आवाज तुटल्यासारखा वाटतो.

एक अपवाद: पात्र खोटं सांगतंय आणि पडद्यावर ते खोटंच दाखवायचंय, तर फ्लॅशबॅक चालेल.

पात्रं तीन पुरतात. तिसरं म्हणजे ज्याच्यावर नाहक संशय आला तो. 'डेकालॉग'च्या त्या भागात तो मुलीला लपवणार असलेला शिंपी आहे. युद्धाबद्दल बोलायला नकार देतो आणि शेवटी खिडकीतून त्या दोघींकडे बघत राहतो.