राज्यसभेला पहिल्या पसंतीची 33 मतं पडलेले हरले आणि 27 वाले जिंकले, हे कसं काय?

मी कोल्हापूरचा. 2022 च्या त्या निवडणुकीत शिवसेनेचे संजय पवार आणि भाजपचे धनंजय महाडिक दोघंही आमच्याच गावचे, त्यामुळे 10 जूनच्या रात्री आम्ही टीव्हीसमोरून हललोच नाही, तक्रारींमुळे मोजणी लांबत गेली आणि निकाल लागला पार पहाटे. सकाळी चहाच्या गाड्यावर जो तो हेच विचारत होता.

तर बघा, राज्यसभेला आमदार मतपत्रिकेवर 1, 2, 3 असे पसंतीचे आकडे घालतो. जागा 6, उमेदवार 7. 288 पैकी एक जागा रिकामी, नवाब मलिक आणि अनिल देशमुख जेलात, त्यांना कोर्टानं परवानगी दिली नाही, सुहास कांदेंचं मत बाद झालं, म्हणजे राहिली 284. मोजताना एका मताची किंमत 100 धरतात. 28400 ला 7 नं (जागा 6 अधिक 1) भागायचं, त्यात 1 मिळवायचा, की आला कोटा, म्हणजे जिंकायला लागणारा आकडा, 4058. सोप्या भाषेत 41 मतं.

आता भाजपच्या पीयूष गोयल आणि अनिल बोंडे यांना 48-48, म्हणजे 4800. कोट्याच्या वरचं जे 742 उरतं ते वाया जात नाही, ते त्या मतपत्रिकांवरच्या दुसऱ्या पसंतीकडे जातं. तिथं महाडिक होते. त्यांच्या 2700 मध्ये दोघांचे मिळून चौदाशेच्या आसपास पडले आणि गडी कोटा ओलांडून गेला. पवारांकडे 3300 होते खरे, पण त्यांच्या महाविकास आघाडीत संजय राऊत 41, प्रफुल्ल पटेल 43, इम्रान प्रतापगढी 44, या तिघांचं उरलेलं सगळं धरलं तरी सव्वासहाशेच होतं, चार हजार कुठून गाठणार?

पण लोक नुसतं दुसऱ्या पसंतीला दोष देतात ते मला पटत नाही. बेरीज करून बघा. भाजपची तिघांची मिळून 123, म्हणजे बरोब्बर तीन कोटे. आघाडीची चौघांची 161, लागत होती 164. तीन मतं! भाजपचे स्वतःचे आमदार 106 च होते, वरची 17 अपक्ष आणि छोट्या पक्षांकडून आली. मला सगळ्यात जास्त खुपतं ते इथंच. पक्षाच्या आमदाराला मत पक्षाच्या एजंटला दाखवावं लागतं, अपक्षानं मात्र कुणालाच दाखवायचं नाही, त्यामुळे ज्यांनी त्याला निवडून दिलं त्या लोकांनाही आपल्या आमदारानं कुणाला मत दिलं ते कधीच कळत नाही.